पीच कॉबलर (पीचच्या फोडींवर पिठाचे गोळे घालून ओव्हनमध्ये भाजलेला गोड पदार्थ) वरून लाल होतं, पण खालून पीठ कच्चंच राहतं. काय करावं?

गार फळांवर पीठ घातलं की हे हमखास होतं. वरचा भाग भाजतो, खालचा मात्र रसात भिजत बसतो. म्हणून आधी नुसती फळं ओव्हनमध्ये घाला: 1 किलो पीचच्या फोडी, अर्धी वाटी साखर, अर्ध्या लिंबाचा रस, 2 मोठे चमचे कॉर्नफ्लोअर. 190 अंशांवर साधारण 15 मिनिटं, कडेने बुडबुडे येईपर्यंत.

मग पीठ. मैदा, बेकिंग पावडर, चिमूटभर मीठ, थोडी साखर आणि गार बटर. बटर बोटांनी चोळताना तुरीच्या डाळीएवढे कण राहू द्या, तेच वितळून पापुद्रा खुसखुशीत करतात. ताक घालून जेमतेम एकत्र करा. मळायचं अजिबात नाही. गरम फळांवर चमच्याने गोळे सोडा आणि मध्ये फटी ठेवा, वाफ तिथूनच निघते. सगळं झाकून टाकलंत तर पुन्हा तोच चिकटा होईल.

आणखी 25-30 मिनिटं. नुसत्या रंगावर जाऊ नका. मधला गोळा उचलून बघा, बूड पावासारखं जाळीदार दिसलं पाहिजे. रस मधोमधही उकळायला हवा, नाहीतर कॉर्नफ्लोअर आळत नाही. अर्धा तास निवू द्या, मगच वाढा.