अकरा महिन्यांनंतर

"मॅडम, देवाधर्मात फार शिरलं की डोकं फिरतं का हो?" समुपदेशनाला येणाऱ्यांचा हा नेहमीचा प्रश्न. निमित्त कधी विपश्यनेचं, कधी एखाद्या मठाचं. विचारणारी बहुतेक वेळा आई, नाहीतर बायको.

ठाण्याच्या एका बेने इस्राएली, म्हणजे मराठी यहुदी, आईनेही हेच विचारलं. (ओळख पटेल असे तपशील बदललेत.) तिशीतला मुलगा, नोकरी व्यवस्थित, पण रात्री दोन-दोनपर्यंत कब्बाला, म्हणजे यहुदी गूढविद्या, वाचत बसतो. "चाळिशीच्या आत वाचू नये म्हणतात. गोष्टच आहे आमच्यात. चौघे गूढज्ञानाच्या बागेत गेले. एक मेला, एकाचं डोकं फिरलं, एकाने धर्म सोडला."

"आणि चौथा?"

"रब्बी अकिवा. ते सुखरूप परतले." मग स्वतःच हसली.

मुलगा आला तो तयारीनिशी. दहा सफिरोत, म्हणजे देवाच्या प्रकटण्याची दहा रूपं, झाली, १५७० साली गॅलिलीतल्या साफेदला येऊन दोनच वर्षांत वारलेला कब्बालाचा गुरू लुरिया झाला. मी ऐकत राहिले. पहिल्याच भेटीत आजाराचं नाव चिकटवणाऱ्यांतली मी नव्हे. शेवटी विचारलं, "हे सुरू कधी झालं?"

"कद्दिश संपल्यावर."

कद्दिश ही प्रार्थना. वडील गेल्यावर मुलाने ती अकरा महिने म्हणायची, तीही दहा पुरुष जमले तरच. हा रोज फोन करकरून माणसं गोळा करायचा. एक दिवस अकरा महिने भरले.

बराच वेळ तो गप्प होता. मग म्हणाला, "कद्दिशची भाषा आरामी आहे. कब्बालाचा मुख्य ग्रंथ झोहार, त्याचीही बरीचशी तीच."

मी वहीत काहीच लिहिलं नाही. आई ज्याला वेड समजत होती, ते वडिलांशी अर्धवट राहिलेलं बोलणं होतं. माणूस कशात शिरला यापेक्षा त्याआधी काय संपलं, हे मी आधी शोधते. सहसा चुकत नाही.

घरच्यांनो, पुस्तकं लपवू नका. झोप, जेवण, काम, मित्रांचे फोन यांवर लक्ष ठेवा. झोपच उडाली, आवाज ऐकू येऊ लागले, "मलाच निवडलंय" अशी भाषा आली, तर मात्र लगेच मानसोपचारतज्ज्ञ गाठा. याच्याबाबत मला खटकलं ते एकटेपण. यहुदी परंपरेत जोडीने वाचायची रीत आहे.

"मी बसू जोडीला?" आईने विचारलं. "मला कुठे आरामी येतं?"

"त्यालाच विचारा."

आता तो मराठीत सांगतो, ती लसूण सोलत ऐकते. अर्धं कळत नाही म्हणाली. परवा मात्र 'आल्मा' शब्दाशी तिने त्याला थांबवलं, "थांब, हा कद्दिशमध्ये येतो ना?"