समीक्षेची कुठली पुस्तकं वाचावीत? (मराठीचे विद्यार्थी नसलेल्यांसाठी)

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: शिक्षण इंजिनिअरिंगचं, कथा-कादंबऱ्या पंधरा वर्षं वाचताय, आता समीक्षाही वाचावीशी वाटते. जाडजूड सिद्धान्तग्रंथ नको, सुटे लेख असलेली पुस्तकं हवीत. कुणीतरी सुचवलं म्हणून मर्ढेकरांचं 'सौंदर्य आणि साहित्य' आणलंत आणि चाळिसाव्या पानावर थांबलात. 'दोष माझा की पुस्तकाचा?' असंही विचारलंय.

दोष दोघांचाही नाही, क्रम चुकला. ते पुस्तक १९५५चं. साहित्य अकादमीचा पुरस्कार त्याला आहे, आणि पुढे मराठीत सौंदर्यशास्त्रावर जे लिहिलं गेलं त्यातलं बरंचसं मर्ढेकरांना धरून किंवा त्यांच्याशी भांडत लिहिलं गेलं. पण ते कुणाला उत्तर देतायत हे ठाऊक नसेल तर एका बाजूचं फोनवरचं बोलणं ऐकल्यासारखं होतं. मला विचाराल तर माझी गत तुमच्याहून वाईट होती. लय, संवाद, विरोध, समतोल हे मर्ढेकरांच्या सिद्धान्तातले शब्द मी पहिल्यांदा वाचले ते बी.ए.च्या गाईडमध्ये. 'लयतत्त्व स्पष्ट करा.' पाठ केलं, लिहिलं, गुण मिळाले. त्या वर्षी मर्ढेकरांची एकही कविता आमच्या वर्गात शेवटपर्यंत वाचली गेली नव्हती. नंतर कित्येक वर्षं 'समीक्षा' म्हटलं की मला त्या गाईडच्या पिवळ्या कागदाचाच वास यायचा.

तो गेला म. वा. धोंडांमुळे. म्हणून माझी पहिली शिफारस तीच: 'ज्ञानेश्वरीतील लौकिक सृष्टी'. अध्यात्माचं पुस्तक समजून लोक बाजूला ठेवतात, तसं करू नका. ज्ञानेश्वरीत तत्त्वज्ञान समजावताना जे दृष्टान्त येतात, त्यांतली झाडं, जनावरं, माणसं, त्यांचे उद्योग यांच्याकडे धोंड 'हे नेमकं काय आहे?' म्हणून बघतात. कवीने काय पाहिलं असेल ते शोधतात. या पुस्तकालाही १९९७ साली अकादमीचा पुरस्कार मिळाला, पण त्याची खरी करामत अशी की ते वाचल्यावर डोळ्यांना एक खोडच लागते.

माझंच उदाहरण देतो. पहिल्या अध्यायात अर्जुनाला मोहाने घेरलं, त्या जागी ही ओवी आहे:

जैसा भ्रमर भेदी कोडें । भलतैसें काष्ठ कोरडें ।
परि कळिकेमाजी सांपडे । कोंवळिये ॥

कीर्तनात शंभरदा ऐकलेली. लाकूड पोखरणारा भुंगा कमळात अडकतो, मायेचं बंधन मोठं, वगैरे. धोंड वाचल्यानंतरच्या उन्हाळ्यात आजोळी पडवीत पडलो होतो. वरच्या वाशातून बारीक भुसा गालावर पडत होता. बघतो तर काळा, जाड भुंगा वाशाला गोल भोक पाडत बसलेला, अगदी गिरमिटाने पाडावं तसं. तो वासा जुना सागवानी, त्यात खिळा मारायला आम्हाला हातोडी दोनदा बदलावी लागली होती. आणि हा पठ्ठ्या मजेत. 'कोडें' म्हणजे लीलेने, कौतुकाने, हे तिथे कळलं.

घरी येऊन शोधलं तर हीच कल्पना एका संस्कृत सुभाषितातही आहे. 'दारुभेदनिपुण' असा भ्रमर तिथेही कमळकोशात निष्क्रिय होतो. मग ज्ञानेश्वरांचं वेगळेपण कशात? सुभाषितात नुसतं लाकूड आहे. इथे 'भलतैसें' आहे, 'कोरडें' आहे, म्हणजे कसलंही, वाळून खडक झालेलं. आणि त्याच्या उलटचा शब्द, 'कोंवळिये', त्यांनी राखून ठेवलाय ओवीच्या चौथ्या, आखूड चरणासाठी. दोन चरण भुंगा मजेत लाकूड भेदतो, तिसऱ्यात अडकतो, आणि ती कळी किती कोवळी हे चौथ्यात एका शब्दात कळतं. मोठ्याने म्हणून बघा.

हे निरीक्षण धोंडांचं नाही, माझं आहे, चुकलं असेल तर शिव्या मला द्या. पण ते करायची सवय त्यांची. नंतर 'तरीही येतो वास फुलांना' घ्या. मर्ढेकरांच्या दुर्बोध म्हणून सोडून दिलेल्या कवितांचे अर्थ ते त्यात असेच, गुप्तहेरासारखे लावतात. सगळे निष्कर्ष पटत नाहीत. काही ठिकाणी पुरावा कमी आणि हट्ट जास्त वाटतो. तरी कविता शेजारी उघडी ठेवल्याशिवाय ते पुस्तक वाचताच येत नाही, आणि माझी चांगल्या समीक्षेची परीक्षा एवढीच आहे. मूळ पुस्तक कपाटातून काढायला उठावं लागलं की पास.

दुसरं, कुसुमावती देशपांडे यांचं 'पासंग' (१९५४). हे नाव मला फार आवडतं. तराजूची दोन्ही पारडी सारखी नसली की हलक्या बाजूला वाणी जो खडा किंवा लोखंडाचा तुकडा बांधतो, तो पासंग. 'पासंगालाही पुरणार नाही' असं आपण म्हणतो तो हाच. समीक्षेच्या पुस्तकाला इतकं नम्र आणि इतकं नेमकं नाव मराठीत दुसरं मला माहीत नाही. भाषा शांत, थोडी जुन्या वळणाची. लेखकावर ओरडायचं नाही आणि त्याला डोक्यावरही घ्यायचं नाही, हे यांच्याकडून शिकावं. त्यांचंच 'मराठी कादंबरीचे पहिले शतक' संदर्भाला हाताशी ठेवा, सलग वाचायची गरज नाही. (ग्वाल्हेरला १९६१ साली भरलेल्या साहित्य संमेलनाच्या त्या अध्यक्ष होत्या, त्या पदावरच्या पहिल्या स्त्री. इतकं असून आज त्यांची ओळख पुष्कळदा 'कवी अनिलांच्या पत्नी' अशी करून दिली जाते. असो.)

'कोसला' तुमचं आवडतं, तेव्हा भालचंद्र नेमाड्यांचं 'टीकास्वयंवर' (१९९०) तुम्ही मी न सांगताही घ्याल. घ्याच. 'हल्ली लेखकाचा लेखकराव होतो तो का?' हा लेख पहिला वाचा, हसून पुरेवाट होईल आणि मग चार ओळखीचे चेहरे आठवून गप्प व्हाल. मात्र पुस्तकाचा कणा आहे कादंबरीवरचा दीर्घ लेख. मराठी कादंबरीच्या सुरुवातीच्या तीन पुस्तकांवरून नेमाडे तीन प्रवृत्ती मांडतात. बाबा पदमनजींचं 'यमुनापर्यटन' (१८५७) म्हणजे भोवतालच्या वास्तवाला भिडणारी, हळब्यांची 'मुक्तामाला' (१८६१) म्हणजे कल्पनारम्य, गुंजीकरांचं 'मोचनगड' (१८७१) म्हणजे इतिहासात जाणारी. पहिलीला वर बसवलंय हे सांगायला नकोच.

इथे एक इशारा. नेमाडे फार पटतात. वाक्यच असं येतं की विरोध करायला तोंड उघडेपर्यंत पुढचा मुद्दा आलेला असतो. मी सहा महिने हातात आलेली प्रत्येक कादंबरी या तीन डब्यांत टाकत होतो. मग एकदा खुद्द 'यमुनापर्यटन' वाचायला घेतलं. विधवांच्या हकिकती अंगावर येतात, पण त्यामागे धर्मांतराचा उपदेशही आहे, आणि तो लपवलेला नाही. वास्तव आणि प्रचार एकाच पानावर. डबा तेवढा घट्ट बसेना. नेमाड्यांचा विचार त्यामुळे खोटा ठरतो असं नाही, पण तो वापरायचा कसा ते कळलं. लघुकथेला ते जे हिणवतात तेही मला मान्य नाही. जी. ए. कुलकर्णी वाचलेल्या माणसाने ते मान्य करू नये. उतारा म्हणून गंगाधर गाडगीळांचं 'खडक आणि पाणी' (१९६०) पाठोपाठ वाचा. नवकथा लिहिणारा माणूस आतून काय बघतो ते त्यात दिसतं. दोघांना एकाच महिन्यात वाचलं तर डोक्यात छान भांडण लागतं.

नरहर कुरुंदकरांचं 'धार आणि काठ' हेही कादंबरीवरच. नांदेडच्या या मास्तरांचं गद्य बोलल्यासारखं आहे, त्यामुळे तुमच्यासारख्याला सगळ्यात सोपं जाईल. ते आधी एक सर्वमान्य मत घेतात, तुम्ही मान डोलावलीत की त्याच मताला सुरुंग लावतात. फडके-खांडेकर घरात वाचले गेले असतील तर जास्त मजा येईल.

दुर्गा भागवतांचं 'व्यासपर्व' बहुतेकांनी वाचलेलं असतं. मी त्यांचंच 'केतकरी कादंबरी' सुचवेन. ज्ञानकोशकार केतकरांच्या कादंबऱ्या, 'ब्राह्मणकन्या' वगैरे, कलादृष्ट्या ओबडधोबड म्हणून मोडीत काढण्याची पद्धत होती. दुर्गाबाई त्या ओबडधोबडपणाच्या आत शिरतात. नावडत्या पुस्तकाकडे न्यायाने कसं बघावं, याचा याहून चांगला नमुना मला मिळालेला नाही.

आता जे टाळून चालणार नाही ते. वर जी नावं आली त्यांतल्या बहुतेकांच्या चर्चेत एक गोष्ट गृहीत असते, की साहित्याने आनंद द्यावा, मग तो कितीही उदात्त शब्दांत सांगितलेला असो. दया पवारांचं 'बलुतं' हे दलित आत्मकथन वाचून खाली ठेवताना तुम्ही 'आवडलं' म्हणालात का? मी म्हणालो होतो, आणि तो शब्द तोंडातच विचित्र लागला. शरणकुमार लिंबाळ्यांचं 'दलित साहित्याचे सौंदर्यशास्त्र' (१९९६) याच ठिकाणी बोट ठेवतं. ज्या लेखनाने वाचक अस्वस्थ व्हावा, त्याला आनंदाची फूटपट्टी का लावता? समता, स्वातंत्र्य, न्याय ही मोजमापं का नाहीत? पुस्तकात पुनरुक्ती आहे, काही प्रकरणं भाषणासारखी झाली आहेत, तरी हा प्रश्न टाळून पुढे गेलेला वाचक अर्धाच वाचक. सोबत रा. ग. जाधवांचं 'निळी पहाट' ठेवा. बाहेरून येऊन, आदराने आणि तरीही समीक्षकाची शिस्त न सोडता दलित साहित्याकडे बघणारं आहे. आणि 'अस्मितादर्श' हे दलित साहित्याचं नियतकालिक काढणाऱ्या गंगाधर पानतावण्यांचे लेख मिळतील तिथून मिळवा.

बाकी पटापट. विंदा करंदीकरांचं 'परंपरा आणि नवता': कवीचं गद्य, तर्क कडक, सावकाश वाचा. विलास सारंगांचं 'सिसिफस आणि बेलाक्वा': बेकेट-काम्यू वाचलेल्यांना लगेच जवळचं वाटेल, बाकीच्यांना जरा परकं. अशोक केळकरांचं 'रुजुवात' उत्तमच, पण पहिल्या वर्षी नको, जिना चढून झाल्यावर गच्ची. मर्ढेकरांकडे त्यानंतर परत या. तेव्हा चाळिसावं पान अडवणार नाही.

मिळणार कुठे? यातली काही पुस्तकं दुकानात विचारली तर विक्रेता तुमच्याकडे करुणेने बघेल. पुण्यात साहित्य परिषदेचं ग्रंथालय, मुंबईत दादरचं ग्रंथसंग्रहालय, नाहीतर तुमच्या तालुक्याचं नगर वाचनालय. समीक्षेचं कपाट बहुधा जिन्याखाली असतं आणि तिथली पुस्तकं कुणी नेत नाही, त्यामुळे जागेवर सापडतात. जुन्या प्रतीत कुणीतरी पेन्सिलीने 'साफ चूक!' लिहून ठेवलेलं असतं, तेही वाचा. माझ्याकडच्या 'खडक आणि पाणी'त एका अनोळखी वाचकाने गाडगिळांशी पानभर वाद घातलाय, आणि दोन ठिकाणी तोच जिंकलाय.

राहता राहिला तुमचा शेवटचा प्रश्न, या आठवड्यातच सुरुवात करायची तर काय करू. घरी 'रणांगण' आहे असं तुम्ही लिहिलंय. विश्राम बेडेकरांची ही कादंबरी १९३९ची, छोटीशी, एका बैठकीत होते. आधी वाचली असलीत तरी पुन्हा वाचा, पेन्सिल घेऊन. बोटीवरच्या त्या थोड्या दिवसांत चक्रधरचं हॅर्टाशी वागणं कुठे खरं वाटतं आणि कुठे तो स्वतःलाच फसवतोय, तिथे नुसती रेघ मारा. मग द. भि. कुलकर्ण्यांचं 'तिसऱ्यांदा रणांगण' मिळवा. एका कादंबरीकडे पुन्हा पुन्हा परतणाऱ्या समीक्षकाचं पुस्तक आहे ते. तुमच्या रेघा आणि त्यांच्या कुठे जुळतात ते बघा. जिथे जुळणार नाहीत ती पानं मला कळवा, माझी प्रत मी काढून ठेवतो.