कालस्फटिकाचं शोधन: मंत्र कशासाठी ते आधी ठरवा

प्रश्न थोडक्यात असा की तुमच्या कथेत कालस्फटिक नावाचा दगड आहे, त्याच्या जवळ वेळ मंद चालते, खाणीतून निघतो तेव्हा तो गढूळ असतो आणि साधक लोक सात दिवस मंत्र म्हणत उकळून तो शुद्ध करतात, पण हे सगळं वाचताना पोकळ वाटतंय, शिवाय हे शोधन ग्रहणात बसवता येईल का. वाटणारच हो. मंत्र काढून टाकला तरी काही अडत नाही, नुसतं उकळलं असतं तरी भागलं असतं. आणि सात दिवस म्हणजे नक्की कुणाचे सात दिवस? दगडाचे का भट्टीपाशी बसलेल्याचे? खरी गंमत तिथेच आहे आणि तुम्ही ती एका ओळीत उरकून टाकलीत.

मी असतो तर मंत्रालाच घड्याळ केलं असतं. दोन साधक घ्या, एक आत दगडापाशी, दुसरा उंबऱ्याबाहेर, दोघांच्या हातात 108 मण्यांची माळ, जप तोच आणि लयही तीच घोटलेली. आतल्याची एक माळ होईपर्यंत बाहेरच्याच्या दहा झाल्या तर दगडाचा जोर दहापट, संपलं, शुद्धता मोजायला वेगळं दिव्य यंत्र लागतच नाही. खऱ्या जगातही हेच केलंय, 1971 मध्ये हाफेले आणि कीटिंग या शास्त्रज्ञांनी अणुघड्याळं विमानातून पृथ्वीभोवती फिरवून आणली आणि जमिनीवरच्या घड्याळांशी ताडून पाहिली, पूर्वेकडे गेलेली साधारण 59 नॅनोसेकंद मागे पडली होती आणि पश्चिमेकडे गेलेली 273 पुढे. तुमच्याकडे फक्त घड्याळाच्या जागी माणूस बसलाय.

आता उकळण्याचं. बाहेरून भट्टी पेटवली तरी दगडाच्या आत उष्णता दगडाच्याच वेळेने शिरणार ना? जोर दहापट असेल तर बाहेरची एक घटिका म्हणजे 24 मिनिटं, पण दगडाच्या लेखी ती जेमतेम 6 पळं (एक पळ म्हणजे 24 सेकंद). ज्योतीचं बाहेरचं टोक फडफडतंय आणि दगडाला टेकलेला भाग कापड भिजून लोंबावं तसा सावकाश डोलतोय, वरून टाकलेला पाण्याचा थेंब शेवटच्या वीतभर अंतरात अडकल्यासारखा उतरतोय, असं एकदा नीट दाखवलंत की वाचकाला नियम समजावून सांगायची गरजच उरत नाही.

पद्धत म्हणून उकळण्यापेक्षा झोन रिफायनिंग उचला. 1950 च्या दशकात अमेरिकेतल्या बेल लॅब्स या संशोधनसंस्थेत जर्मेनियम असं शुद्ध करत. अख्खी कांडी वितळवायची नाही, फक्त एक अरुंद पट्टा वितळवायचा आणि तो पट्टा या टोकापासून त्या टोकापर्यंत हळूहळू सरकवत न्यायचा, मळ घट्ट भागापेक्षा वितळलेल्या भागात राहणं पसंत करतो म्हणून तो पट्ट्याबरोबर वाहत शेवटच्या टोकाला जमतो, मग ते टोक कापून टाकायचं आणि पुन्हा पहिल्यापासून. तुमच्या दगडातला मळ म्हणजे परके क्षण समजा, कुणाचे तरी अडकलेले. पट्टा सरकवायचं काम आतल्या साधकाचं, कारण दगडाच्याच वेळेत असलेल्या माणसालाच तो कधी वितळला ते कळणार.

पण प्रत्येक फेरीनंतर दगड शुद्ध होतो म्हणजे जोर वाढतो, म्हणजे पुढची फेरी बाहेरच्यांसाठी आणखी लांबते! समजा दर फेरीला जोर दुप्पट होतो आणि पहिली फेरी एका दिवसाची. अकरावी फेरी बाहेर 1024 दिवसांची होते, सोळावी 32,768 दिवसांची, म्हणजे जवळजवळ 90 वर्षं. सगळ्या सोळा मिळून साधारण 179 वर्षं, आणि आतला माणूस बाहेर येतो तेव्हा फक्त 16 दिवसांनी म्हातारा झालेला. तुमचे सात दिवस इथे आपोआप बसतात बघा, आत सात दिवस म्हणजे बाहेर 127. बाजारात मिळणारा माल सातव्या फेरीचा, आणि सोळाव्या फेरीचा तुकडा म्हणजे पाच-सहा पिढ्यांनी न विझू दिलेली भट्टी. किंमत, चोरी, घराण्यांची भांडणं सगळं यातूनच निघतं, वेगळं रचायला नको.

त्यातही मला सगळ्यात आवडणारी भानगड म्हणजे बाहेरच्यांचा जप. एवढ्या पिढ्यांत उच्चार घासतात, कुणीतरी एक अक्षर गाळतो, लय थोडी पळते, आणि आतल्याची माळ मूळ लयीतच चाललेली, मग हिशोब चुकतो आणि कुणालाच कळत नाही की चुकला. म्हणून बाहेर जपाच्या जोडीला घटिकापात्रही ठेवा, तळाला भोक असलेली वाटी, पाण्यावर सोडली की भरत भरत एका घटिकेत बुडते. वाटी आणि माळ जुळेनाशी झाली की मठात भांडण, माळवाले खरे की वाटीवाले.

आतल्याला हाक मारायची सोय पण बघा. दगडाचा जोर 32 पट झाला की बाहेरची 1000 हर्ट्झची घंटा आत 32,000 हर्ट्झ होते आणि माणसाचा कान साधारण 20,000 पर्यंतच, म्हणजे सहाव्या फेरीत घंटा मुकी झाली. पुढे खर्जातले मोठे नगारे लागतील, तेही नवव्या-दहाव्या फेरीपर्यंतच, त्यानंतर तो एकटा. प्रकाशाला मात्र या नियमातून सरळ सूट द्या आणि तसं कथेत आधीच सांगून टाका, नाहीतर दुसऱ्याच फेरीत तांबडा उजेड आत अतिनील होऊन बसेल आणि पुढे तर साधक भाजून निघेल.

शोधन पुरं झालं की नाही ते ओळखायला रसशास्त्रातली, म्हणजे आयुर्वेदातल्या धातू-भस्मांच्या शास्त्रातली, अपुनर्भव परीक्षा घ्या. तिथे भस्म पुन्हा धातूरूपात येत नसेल तरच ते पक्कं मानतात. इथे कापलेलं मळाचं टोक शुद्ध तुकड्याला टेकवायचं, मळ परत शिरला तर फेरी वाया.

राहिला ग्रहणाचा प्रश्न. खग्रास सूर्यग्रहणाची खग्रास अवस्था जास्तीत जास्त साडेसात मिनिटं, म्हणजे 19 पळंही नाहीत, त्यात अख्खं शोधन बसवणं विसरा. हवंच असेल तर पहिल्या फेरीचा पट्टा ग्रहणात पेटवा, सोळाव्या फेरीच्या आत कितीतरी ग्रहणं बाहेर येऊन जातील आणि आतल्याला पत्ताही लागणार नाही.