एकट्याने किती करावे?

प्रश्न : मी सत्तावीस वर्षांचा असून सोलापूरच्या पूर्व भागात राहतो. घरी चार यंत्रमाग आहेत. लग्नांचे चित्रीकरण आणि संकलन करून मी मिळवता झालो आहे. आजोबांवर बारा मिनिटांचा लघुपट स्वतःच लिहिला, चित्रित आणि संकलित केला. तो सोबत पाठवत आहे. स्वतंत्र चित्रपटकार व्हायचे तर सगळी कामे एकट्यानेच करत राहावीत, की एकाच कामात तरबेज व्हावे? वडील म्हणतात, 'एक ना धड, भाराभर चिंध्या.'
– एक वाचक, सोलापूर

उत्तर : वडिलांची म्हण मागवाल्याला शोभणारी आहे, परंतु ज्या घरात एकच माणूस कांड्या (आडव्या सुताच्या नळ्या) भरतो, माग चालवतो आणि बिघडला तर तोच खोलून दुरुस्त करतो, त्या घराने तरी ती आपल्याला ऐकवू नये. दादासाहेब फाळके छायाचित्रण, छपाई आणि जादूचे प्रयोग एवढे सारे शिकले होते, म्हणूनच १९१३ साली त्यांचा चित्रपट उभा राहिला; त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई घरीच फिल्मला छिद्रे पाडून देत. अर्थात, फाळक्यांच्या पटाला आवाज नव्हता, आणि आपले घोडे नेमके तिथेच अडले आहे.

आपला लघुपट मी दोनदा पाहिला. आडवा धागा नेणाऱ्या धोट्यावरची चौकट आणि आजोबांच्या हातांचे चित्रण उत्तम आहे, संकलनातही घाई नाही. सातव्या मिनिटाला आजोबा कांडी बदलताना काहीतरी बोलून हसतात. ते वाक्य मागांच्या खटखटाटात पूर्ण बुडाले आहे. कॅमेऱ्यावरच्या माइकने याहून अधिक काही दिले नसते. डोळा कॅमेऱ्याला लावलेल्या माणसाला ध्वनीकडे लक्ष देता येत नाही, ही कौशल्याची नव्हे, देहाची मर्यादा आहे.

आसामच्या रीमा दास यांचे उदाहरण पाहावे. 'व्हिलेज रॉकस्टार्स' या चित्रपटाचे लेखन, दिग्दर्शन, निर्मिती, छायाचित्रण आणि संकलन त्यांनीच केले, त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि संकलनाचा पुरस्कारही त्यांनाच मिळाला. मात्र त्याच चित्रपटाच्या स्थळ-ध्वनिमुद्रणाचा राष्ट्रीय पुरस्कार मल्लिका दास यांना मिळाला. एवढे सारे एकहाती करणाऱ्या बाईंनीही आवाज दुसऱ्याच्या हाती सोपवला होता, हे माझ्या मते आपल्या प्रश्नाचे निम्मे उत्तर आहे.

उरलेले निम्मे पोटापाण्याचे. लग्नाची कामे सोडू नयेत. बहुविध कौशल्याचा खरा लाभ पैसे वाचण्यात नसून वेळ आपल्या हाती राहण्यात आहे. भाड्याचे युनिट दिवसाच्या हिशेबावर चालते, तर आपण एकाच म्हाताऱ्या माणसाकडे वर्षभर पुन्हा पुन्हा जाऊ शकता. लग्नसराईत बाहेरच्यांसाठी संकलन करावे, कारण दुसऱ्यांनी केलेले चित्रण जोडताना स्वतःच्या चुका फार लवकर दिसू लागतात. आणि चातुर्मासात काम थंडावले की स्वतःच्या चित्रपटाला हात घालावा. पार्श्वभूमीला वापरलेले जुने चित्रपटगीत तेवढे काढून टाकावे, कारण हक्कांच्या परवानगीवाचून महोत्सवांत अडचण येईल.

तूर्त एखाद्या मित्राला वेगळा ध्वनिमुद्रक देऊन कारखान्यात बसवावे. चारही माग चालू असताना पाच मिनिटे, एकच माग चालू असताना पाच मिनिटे आणि सारे बंद झाल्यावरची शांतता, असे वेगवेगळे ध्वनी त्याने घ्यावेत. मग माग बंद असतानाच आजोबांच्या सदऱ्याला कॉलर माइक लावून, ते कांडी बदलताना काय म्हणाले होते, हे त्यांना पुन्हा विचारावे.