एनएफएलमध्येच जायचं म्हणतो!

टेक्सासमधल्या डॅलसच्या उत्तरेकडच्या उपनगरांतल्या मराठी घरांतून एक वाक्य मी इतक्यांदा ऐकलंय की समोरच्यांनी सुरुवात केली की पुढचं मीच पूर्ण करू शकेन. "हुशार आहे हो, पण फुटबॉल खेळून एनएफएलमध्येच जायचं म्हणतो." एनएफएल म्हणजे अमेरिकन फुटबॉलची व्यावसायिक लीग. सांगणारे आईवडील बहुधा आयटीतले, बारावीच्या गुणांवर इथवर पोहोचलेले. पुण्या-नाशिकच्या आजी-आजोबांना याचं हसू येतं. पण इथे शुक्रवारची संध्याकाळ म्हणजे शाळेची मॅच. ॲलन हायस्कूलचं स्टेडियम २०१२ साली उघडलं. खर्च सुमारे ६ कोटी डॉलर, बसायची सोय १८,००० जणांची. आणि हे शाळेचं स्टेडियम! एनएफएलमधल्या काउबॉइज संघाचं मुख्यालय तर फ्रिस्कोतच आहे. अशा ठिकाणी वाढलेल्या पोराला फुटबॉलचं वेड लागलं नाही तरच नवल.

नीलचे आईबाबा (नाव आणि खुणा बदलल्या आहेत) माझ्याकडे समुपदेशनासाठी पहिल्यांदा त्याला न घेताच आले. "ताई, तुम्ही त्याला जरा समजावा." मुलाला एकट्याला बसवून सरळ करून देण्याचं काम मी घेत नाही. मूल अडकलेलं दिसतं तेव्हा बहुतेक वेळा घरातलं बोलणं अडकलेलं असतं, हे माझं जुनं मत. ते बदलायची वेळ अजून आलेली नाही. मी तिघांना एकत्र बोलावलं.

बाबा आकडे घेऊन आले होते. देशभरात शाळांतून फुटबॉल खेळणारी मुलं दहा लाखांच्या आसपास आणि वर्षाच्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे एनएफएलचे संघ नवे खेळाडू घेतात तेव्हा, निवडले जातात अडीचशेच्या थोडे वर. सोळा वर्षांचा नील शांतपणे ऐकत होता. मग म्हणाला (तो इंग्रजीत बोलत होता, मी मराठीत सांगतेय), "बाबा, ड्राफ्टमध्ये नाव आलं म्हणजे नोकरी पक्की असं नसतं. सीझनआधीच्या कॅम्पला एकेका संघात नव्वद जण असतात. ऑगस्टच्या शेवटी त्रेपन्न ठेवतात. उरलेल्यांतले थोडे सरावाच्या संघात, बाकीचे घरी. कॉन्ट्रॅक्टचा जो आकडा बातमीत येतो तो सगळा मिळेलच असं नाही. पेन्शनसाठी तीन सीझन भरावे लागतात. कितीतरी जणांचे तेवढेही भरत नाहीत."

बाबांचा कागद हातातच राहिला. पोराला या धंद्याची खडान्‌खडा माहिती होती.

मग बाबांनी हुकमाचा एक्का काढला : जॉन अर्शेल. बाल्टिमोर रेव्हन्स या एनएफएल संघाकडून तीन सीझन खेळून २०१७ मध्ये, वयाच्या सव्विसाव्या वर्षी त्याने फुटबॉल सोडलं आणि एमआयटीत गणिताची पीएचडी केली. आज तो तिथेच प्राध्यापक आहे. "बघ, शहाणा माणूस वेळेत बाहेर पडला." नील म्हणाला, "बाहेर पडला, पण आधी आत गेला होता ना? पेन स्टेट विद्यापीठात असताना तो खेळायचा आणि गणितही शिकवायचा. पीएचडी त्याने खेळत असतानाच सुरू केली." माणूस एकच, पण घरातल्या दोघांनी अर्धा-अर्धा वाटून घेतलेला. हे असं सत्र-दर-सत्र चालू राहिलं असतं, कारण दोघांकडेही मुद्दे भरपूर होते.

मी नीलला विचारलं, "समजा आज कोणी लिहून दिलं की कॉलेजनंतर तुला एकही मॅच खेळायला मिळणार नाही. सोमवारी प्रॅक्टिसला जाशील?"

"जाईन की."

"मग एनएफएल कशाला म्हणतोस?"

तो आईकडे बघत राहिला. मग म्हणाला, "नुसतं आवडतं म्हणून खेळतो म्हटलं तर बंद करतील. तबला बंद केला ना. यातून पुढे काय, असं विचारलं. तेव्हा माझ्याकडे उत्तर नव्हतं."

या क्षणासाठी मी हे काम करते, असं म्हटलं तर फुशारकी वाटेल, पण खरं आहे. आईबाबा ज्याला वेडं स्वप्न समजत होते, तो मुलाने काढलेला परवाना होता. आपल्याकडे आवडीला घरात जागा हवी असेल तर तिला करिअरचं ओळखपत्र दाखवावं लागतं. मुलं हे फार लवकर ओळखतात आणि मग सगळ्यात मोठं ओळखपत्र काढतात.

आणि मग आई बोलली. तोवर ती करिअरचंच बोलत होती. "मला करिअरशी देणंघेणं नाही. त्याच्या डोक्याला काही होईल, मला रात्री झोप लागत नाही. पण घाबरते म्हटलं की दोघं हसतात." म्हणजे तीसुद्धा परवान्याआडूनच बोलत होती. महिनोन्‌महिने हे तिघं ज्या विषयावर भांडत होते, त्यात प्रत्यक्षात कोणालाच रस नव्हता!

आईची भीती मात्र खरी आहे आणि ती मी कधीच पुसून टाकत नाही. २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात एनएफएलच्या १११ दिवंगत खेळाडूंच्या मेंदूंपैकी ११० मध्ये सीटीई हा डोक्याला वारंवार मार बसून होणारा मेंदूचा आजार दिसला. हे मेंदू घरच्यांनी दान केलेले होते आणि त्यांपैकी अनेकांना आधीपासून शंका होती. त्यामुळे दर शंभरातल्या नव्याण्णव खेळाडूंना हा आजार होतो, असा त्याचा अर्थ काढू नये. पण जितकी जास्त वर्षं खेळ तितका धोका वाढतो, आणि तो फक्त मोठ्या दणक्याचा नाही, सरावातल्या रोजच्या लहान धडकांचाही आहे. अर्शेलने निवृत्ती जाहीर केली ती हा अभ्यास आल्यावर दोनच दिवसांनी. त्याआधी २०१५ च्या कॅम्पमध्ये डोक्याला मार बसून त्याला काही काळ अवघड गणित जमेनासं झालं होतं. हा भाग बाबांनी सांगितला नव्हता आणि नीलनेही नाही.

म्हणून अशा आईवडिलांना मी सांगते : आधी मुलाला विचारा, करिअर झालं नाही तरी खेळशील का? उत्तर 'हो' असेल तर आकडेवारी गुंडाळून ठेवा आणि डोक्याबद्दल बोला. सरावात पूर्ण ताकदीची टक्कर किती असते, हे प्रशिक्षकांना स्वतः जाऊन विचारा. टेक्सासच्या कायद्यानुसार मेंदूला मार बसल्याची शंका आली तर मुलाला त्या दिवशी पुन्हा मैदानात उतरवता येत नाही आणि नंतरही डॉक्टरांची लेखी परवानगी लागते. पण चक्कर येतेय हे आधी मुलाने सांगायला हवं. खेळ बंद होईल या भीतीने गप्प बसणारा मुलगा सगळ्यात जास्त धोक्यात असतो.

नीलच्या घरी ठरलं ते असं : शाळा संपेपर्यंत तो खेळेल, चक्कर किंवा डोकेदुखी त्याच दिवशी सांगेल, आणि एकदा जरी मेंदूला मार बसला तर पुढचं तिघं डॉक्टरांसमोर बसून ठरवतील. बाबांनी "किकर हो ना, नुसता चेंडू मारायचा, टक्कर कमी" असं सुचवून पाहिलं. त्यावर नीलने जो चेहरा केला, तो पाहून आईसुद्धा हसली. तो लाइनबॅकरच आहे, समोरच्याला धडकून अडवणारा.