इंटरनेट नसलेल्या सर्व्हरसाठी सेंटओएस ७ ची पूर्ण आयएसओ कुठून आणि कोणती घ्यावी?

३० जून २०२४ ला सेंटओएस ७ या लिनक्स ऑपरेटिंग सिस्टीमचे अपडेट थांबले, त्यामुळे आयएसओच्या (इन्स्टॉल डिस्कच्या एकसंध फाइलच्या) तुमच्या जुन्या डाउनलोड लिंक चालत नाहीत. आर्काइव्ह डॉट कर्नल डॉट ऑर्गवर 'सेंटओएस-व्हॉल्ट' फोल्डर आहे. त्यात ७.९.२००९ उघडा. हे २००९ साल नव्हे, २०२० चा सप्टेंबर. शेवटची आवृत्ती हीच.

आयएसओच्या प्रकारांपैकी मिनिमल जेमतेम १ जीबीची. नेटइन्स्टॉल तुमच्या उपयोगाची नाही, तिला नेटवर्क लागतंच. डीव्हीडी सुमारे ४.४ जीबी, एव्हरीथिंग साधारण ९.५ जीबी. मशीन कायम ऑफलाइन राहणार असेल तर मी एव्हरीथिंगच घ्या म्हणेन. एखादं पॅकेज (सॉफ्टवेअरचा गठ्ठा) डीव्हीडीत नसलं की पुढचं सगळं अडतं. १६ जीबीचा पेनड्राइव्ह पुरतो.

डाउनलोड झाल्यावर शा-२५६ चेकसम (फाइल बदललेली नाही हे दाखवणारा आकडा) जुळवाच, आणि चेकसमच्या फाइलवरची जीपीजी सही (ती खऱ्या प्रकाशकाचीच असल्याची डिजिटल खूण) हीही तपासा. आयएसओ आणि चेकसम एकाच अनोळखी साइटवरून घेतले असतील तर नुसती जुळणी काहीच सिद्ध करत नाही.

पेनड्राइव्हवर फाइली कॉपी-पेस्ट करू नका. लिनक्सच्या डीडी कमांडने किंवा विंडोजवरच्या रुफस प्रोग्रामच्या डीडी मोडमध्ये आयएसओ जशीच्या तशी उतरवा. इन्स्टॉलर ड्राइव्ह लेबलवरून, म्हणजे तिला दिलेल्या नावावरून, शोधतो. फॅट३२ या पेनड्राइव्हच्या फॉरमॅटमध्ये लेबल ११ अक्षरांत कापलं जातं, मग ड्रॅकट हा सुरुवातीला चालणारा बूट प्रोग्राम टाइमआउट देऊन तुम्हाला कोऱ्या कमांड प्रॉम्प्टवर सोडतं. अगदी नव्या हार्डवेअरवर सेंटओएस ७ च्या ३.१० कर्नलला (सिस्टीमच्या गाभ्याला) नेटवर्क कार्ड किंवा डिस्क कंट्रोलर अनेकदा ओळखता येत नाही. तिथे नव्या सिस्टीमच्या आत व्हर्च्युअल मशीन करून त्यात सेंटओएस चालवणं बरं.

इन्स्टॉल झाल्यावर आयएसओ मीडिया/सेंटओएस या फोल्डरवर माउंट करा (जोडा). यम या पॅकेज बसवणाऱ्या प्रोग्रामच्या सेटिंगमध्ये 'सी७-मीडिया' ही रेपो (पॅकेजचा साठा) आधीच लिहिलेली असते, फक्त बंद असते. बाकीच्या सगळ्या रेपो बंद करून तेवढी चालू करा. नाहीतर यम इंटरनेटवरचा 'मिररलिस्ट' सर्व्हर शोधत बसतो आणि होस्ट सापडत नाही म्हणून थांबतो. जीपीजी तपासणी मात्र चालूच ठेवा.

एव्हरीथिंगमध्येही २०२० नंतरचे सुरक्षा अपडेट नाहीत. इंटरनेट असलेल्या मशीनवर व्हॉल्टमधलं 'अपडेट्स' फोल्डर रिपोसिंक या कमांडने उतरवा, त्याची रेपो बनवायला क्रिएटरेपो ही कमांड चालवा आणि डिस्कवरून ऑफलाइन सर्व्हरवर न्या. एपेल ७ (जादा पॅकेजची रेपो) हवं असेल तर ते फेडोराच्या अर्काइव्हमध्ये वेगळं आहे.