पांढरे केस आणि आईचं वय

या वेळचं पत्र एका 41 वर्षांच्या मैत्रिणीचं आहे, थोडं छोटं करून देते.

"ताई, माझे केस चोविसाव्या वर्षीच पिकायला लागले. तेव्हापासून दर तीन आठवड्यांनी डाय, एकदाही चुकवला नाही. या वर्षी दोनदा डाय लावल्यावर कानामागे पुरळ आलं, दुसऱ्या वेळी तर डोळे सुजून बंद झाले. स्किनच्या डॉक्टरांनी टेस्ट करून सांगितलं, डायमधल्या पीपीडी नावाच्या रसायनाची अ‍ॅलर्जी आहे, परत लावू नका. त्याला चार महिने झाले. आता भांगाच्या दोन्ही बाजूंना पांढरा पट्टा आणि खाली सगळं काळं. नवरा म्हणतो तुला हवं ते कर. ऑफिसमध्ये एकीने विचारलं, घरी सगळं ठीक ना? आणि आई, जी 68 ची आहे आणि अजून केस रंगवते, ती म्हणते तुला असं बघून मलाच म्हातारं झाल्यासारखं वाटतं, काहीतरी लाव बाई. खरं सांगू, आरशातली बाई मला पण ओळखीची वाटत नाही. मी स्वतःला स्वीकारतेय की नुसती हार मानलीये तेच कळत नाही."

अगं, आधी ते डोळ्यांचं. आईला बरं वाटावं म्हणून "एकदाच लावून बघू" असं मनात येत असेल तर लगेच काढून टाक. पीपीडीची अ‍ॅलर्जी एकदा झाली की बहुतेक जन्मभर राहते आणि पुढची रिअ‍ॅक्शन आधीपेक्षा जोरात येऊ शकते. सतरा वर्षं काही झालं नाही मग आताच कसं, असं आई विचारेल, तर ही अ‍ॅलर्जी अशीच असते, वर्षानुवर्षं वापरलेल्या गोष्टीची पण अचानक होते. आणि "काळी मेंदी" म्हणून जे विकतात त्याच्यापासून पण लांब राहा, त्या काळ्या रंगासाठी बऱ्याचदा पीपीडीच घातलेलं असतं. कोणी ब्लीच करून हायलाइट्स सुचवतील, म्हणजे तो पट्टा उठून दिसणार नाही. ब्लीचमध्ये पीपीडी नसतं पण नंतर केसांची छटा ठीक करायला टोनर लावतात त्यात असू शकतं, तेव्हा डॉक्टरांना विचारल्याशिवाय खुर्चीत बसू नकोस.

आता स्वीकार की हार. तू डाय सोडलास कारण डोळे सुजले, बस. याला स्वीकार वगैरे मोठं नाव द्यायची गरजच काय गं? आजकाल पांढरे केस ठेवणाऱ्या बाईकडून सगळ्यांना एकदम क्रांतीच हवी असते, फोटो टाक, खाली लिही की मी आता मुक्त झाले. तुला नसेल वाटत मुक्त तर नको वाटू दे. काही दिवस आरशात बघून वैताग येईल, तो येऊ दे. तू चोविसाव्या वर्षापासून स्वतःचे केस पाहिलेच नाहीयेस, तीन आठवड्यांत केस वाढतो जेमतेम एक सेंटिमीटर, तेवढा दिसायच्या आत तू तो झाकत आलीस. मग ती बाई ओळखीची वाटणार कशी, तुमची भेटच आता होतेय!

आणि ही भेट लांबणारे हे पण सांगून ठेवते. आधीच उगवलेला केस पांढरा होत नाही, तो मुळातूनच पांढरा उगवतो, रंग भरणाऱ्या पेशी तिथे काम थांबवतात म्हणून. त्यामुळे महिन्याला एक-सव्वा सेंटिमीटर या हिशोबाने खांद्याखाली येणारे केस पूर्ण बदलायला अडीच-तीन वर्षं जातात. एवढा धीर नसेल तर सरळ कापून टाक, मानेपर्यंत. माझं मत विचारशील तर काप. अर्धं काळं अर्धं पांढरं हेच सगळ्यात जास्त छळतं, पूर्ण पांढऱ्याचं लोकांना दोन आठवड्यांत काही वाटेनासं होतं.

लोकांचं म्हणशील तर पांढऱ्या केसांबद्दल लोकांचं मत कधीच एक नव्हतं. ब्रिटनमध्ये 1795 मध्ये केसांना पावडर लावायची तर वर्षाला एक गिनी टॅक्स भरावा लागायचा, म्हणजे डोकं पांढरं दिसावं म्हणून माणसं सरकारला पैसे देत होती! उलट कृत्रिम रसायनांचा आजच्यासारखा डाय युजीन श्युलर नावाच्या केमिस्टने पॅरिसमध्ये बनवला तो 1907 च्या सुमाराला, फार जुनी गोष्ट नाही ही. पण म्हणून जग आता शहाणं झालंय असंही नाही. कॅनडातली न्यूज अँकर लिसा लाफ्लाम, तिने 2020 च्या लॉकडाऊनमध्ये केस रंगवणं सोडलं आणि तशीच बातम्या देत राहिली, 2022 मध्ये चॅनेलने तिचं कॉन्ट्रॅक्ट मुदतीआधीच संपवलं. केसांचा काही संबंध नाही असं कंपनी म्हणाली, पण देशभर वाद झाला तो केसांवरूनच. "माझे केस काही उन्हात पांढरे झाले नाहीत" हे वाक्य पुरुषाच्या तोंडी अनुभवाचं वाटतं, बाईचे झाले की घरी सगळं ठीक ना. त्या ऑफिसमधल्या मुलीला हसून "हो, डायची अ‍ॅलर्जी आहे" एवढंच सांग आणि कामाला लाग.

राहिली आई. इथे मला जरा लाज टाकून बोलावं लागणार, कारण मी 63 ची आहे आणि मी पण केस रंगवते, दर महिन्याला, न चुकता. माझी एक मावसबहीण, माझ्यापेक्षा आठ वर्षांनी लहान, एके दिवशी पूर्ण पांढरं डोकं घेऊन समोर आली आणि माझ्या तोंडून पहिलं काय निघालं तर, "बरं नाहीये का तुला?" ती छान दिसत होती गं. मला फक्त एवढंच दिसलं की ही पांढरी, तर मग मी किती! ती घरी होती तोवर मी आरशासमोर गेले नाही. तुझी आई पण तुझे केस बघतच नाहीये, ती स्वतःचं वय मोजतेय, आणि ते वय लोकांनी तुझ्या डोक्यावर वाचू नये असं तिला वाटतंय. यात तुझ्यावर राग कमी आणि भीतीच जास्त आहे.

म्हणून तिला अ‍ॅलर्जी परत परत समजावू नकोस, ते तिला कधीच कळलंय. तिला म्हण, आई तू रंगव, तुला छान दिसतं, मी तुला कधी सोड म्हणणार नाही. कदाचित तिला तेच ऐकायचं असेल, की आता लेक पण आपल्याला नावं ठेवणार नाही ना. तिने केस रंगवायला काढले की जमलं तर मागची बाजू तू लावून दे, हातमोजे घालून पण, नाहीतर हातांवर पुरळ उठेल. हात पुरत नाही गं मागे, हे मी अनुभवाने सांगते.

त्या मावसबहिणीला मी अजून सॉरी म्हटलेलं नाही. तुझं पत्र वाचून दोनदा फोन हातात घेतला आणि ठेवून दिला. आज रात्री लावते.